विचारा ताईला : गप्प नगरीत शिंक आली तर?

मागच्या अंकात विषय दिला होता, 'एक अद्भुत नगरी, जिथे बोलायला कायद्याने बंदी आहे'. त्यावर काही विचारायचं असेल तर पाठवा म्हटलं होतं. वाटलं दोन-चार पत्रं येतील, तर टेबलावर ढीग लागला आणि व्हॉट्सअॅपवर वेगळा. ज्यांचं छापलं नाही त्यांनी रागावू नका, जागा तेवढीच. नवीन वाचकांसाठी सांगते, मी कोर्टात स्टेनो होते, एकतीस वर्षं दुसऱ्यांचं बोलणं टाइप केलं, त्यामुळे न बोलण्यावर माझं मत जरा जास्तच आहे.

प्रश्न : ताई, मी अमळनेरला एस.वाय.बी.ए.ला आहे. दिवाळी अंकाच्या स्पर्धेसाठी फँटसी कथा लिहितोय. सात वेशींचं एक नगर आहे, मुकापूर, ते एका अजस्र कासवाच्या पाठीवर वसलंय. कासव झोपलंय. आवाजाने जागं झालं आणि चालू लागलं तर नगर कोसळेल, म्हणून राजाचा कायदा, जो बोलेल त्याची जीभ छाटायची. मित्र म्हणतो संवादच नाहीत, बोअर होतं. आमचे सर म्हणतात लॉजिक नाही. काय करू?

उत्तर : भाऊ, आधी नाव बदल. मुकापूर वाचून माझी नातवंडं खी खी हसत सुटली, त्यांना मुका म्हणजे आत्या गालावर घेते तो तेवढाच माहीत. दुसरं कारण खाली भुसावळच्या वाचकांनी दिलंय, ते वाच म्हणजे कळेल.

कासव मस्त आहे, ते ठेव. पण कायदा तू एका ओळीत उरकलास ना, तिथेच सरांना लॉजिक सापडेना. अरे आपल्याकडे साधे भोंग्याचे नियम बघ, २००० साली केंद्राने केलेले. रहिवासी भागात दिवसा ५५ डेसिबल, रात्री ४५. दवाखाना, शाळा, कोर्ट यांच्याभोवती १०० मीटर शांतता क्षेत्र, तिथे दिवसा ५० आणि रात्री ४०. आणि रात्र म्हणजे दहा ते सकाळी सहा हेसुद्धा लिहून ठेवलंय, कारण नाही लिहिलं तर वकील उभा राहून विचारणारच की साहेब रात्र म्हणजे नक्की केव्हा? मग २०१७ च्या ऑगस्टमध्ये दुरुस्ती आली की सरकारने जाहीर केल्याशिवाय कुठल्याही जागेला शांतता क्षेत्र म्हणायचं नाही. म्हणजे दवाखाना तिथेच, पेशंट तिथेच, पण कागद निघाला नसेल तर शांतता नाही! हे मी गंमत म्हणून सांगत नाहीये, तुझ्या कथेला असाच कागद पाहिजे.

तर पहिला प्रश्न, तुझ्या नगरीत आवाज मोजतात कशाने? मीटर तर नसणार. मी असते तर चौकाचौकात पितळी परात मांडली असती, काठोकाठ पाणी भरून, आणि शेजारी एक शिपाई, त्याने दिवसभर त्या पाण्याकडे बघत बसायचं. पाण्यावर गोल उठला की गुन्हा. आता बघ कशी स्टोरी निघते. बैलगाडी गेली तरी गोल उठतो, कुणी घण मारला तरी उठतो, नुसता वारा सुटला तरी उठतो, म्हणून चाकांना जुन्या गोधड्या गुंडाळलेल्या, लोहाराचं काम वेशीबाहेर, आणि वाऱ्याच्या दिवशी शिपायाच्या मनात येईल तो गुन्हेगार. आणि वैशाखात काय होईल? आपल्याकडचं ऊन तुला माहीत आहे, जळगाव-भुसावळला पारा पंचेचाळीसच्या वर जातो तेव्हा परातीतलं पाणी बघता बघता उतरतं. पाणक्या येऊन परात भरतो तेवढा वेळ पाणी हलतच असतं, म्हणजे तेवढा वेळ गुन्हा नोंदवता येत नाही. सगळी गल्ली त्या पाणक्याची वाट बघत ओट्यावर बसलेली असेल, आणि तो कळशी ओतायला लागला की एकदम सगळे बोलायला लागतील, लग्नाची बोलणी, उधारी, भांडण, सगळं एका कळशीत बसवायचं. मित्राला सांग, हे घे तुझे संवाद.

लहान बाळांचं काय ते ठरव. तू त्यांचा उल्लेखच केला नाहीस, तू वीस वर्षांचा मुलगा आहेस म्हणून सुटलं. तान्हं मूल कायदा वाचत नाही. बाळंतिणीला कुठे ठेवतात, वेशीबाहेर? मग सासरची माणसं भेटायला किती दिवसांनी जातात?

आता बाजार. तू लिहिलंयस की नगरीत व्यापार थांबला. अजिबात नाही थांबणार, उलट जोरात चालेल. लहानपणी वडलांबरोबर मी गुरांच्या बाजाराला जायची. दलाल यायचा, खांद्यावरचं उपरणं काढून दोघांच्या हातांवर टाकायचा आणि खाली बोटं धरायचा. कुठलं बोट धरलं, किती धरली, यावरून आकडा. शेकड्यात की हजारात ते आधीच ठरलेलं. वरून बघावं तर दोन माणसं नुसती उभी, एक आभाळाकडे बघतोय आणि दुसरा बैलाच्या शिंगाकडे. मला आठवतं ते वडलांचा अंगठा, उपरण्याखालून तो हलायचा आणि कापडाला एक सुरकुती पडायची, मग एकदम हात ओढून घ्यायचे म्हणजे नाही जमत. एक शब्द नाही. आणि बैलाचा मालक? तो कासरा धरून बाजूला उभा, त्याच्याशी दलाल नंतर वेगळा उपरण्याखाली बोलणार, मधला फरक कुणाला दिसतो? हत्ता म्हणतात याला. कापूस-धान्याच्या बाजारातही हे चालायचं, बाजार समित्यांमध्ये उघड लिलाव आणला तो असल्या लपवाछपवीला आळा घालायला, बोली मोठ्याने लागली की कासरा धरणाऱ्यालाही ऐकू येते.

म्हणजे तुझ्या नगरीत राजापेक्षा दलाल या कायद्याच्या बाजूने जास्त असतील. कायदा उठवायची वेळ आली तर मोर्चा कोण काढेल? तेच, आणि अर्थातच मुक मोर्चा.

शिवाय सूट कुणाला? हे मला तुझ्या कथेत कुठेच दिसलं नाही आणि खरं तर इथूनच लिहायला सुरुवात करायला हवी होती. आपल्या नियमांतसुद्धा आहे, सण-उत्सवासाठी वर्षात जास्तीत जास्त पंधरा दिवस रात्री दहा ते बारा भोंग्याला परवानगी देता येते. ते पंधरा दिवस कोणते यावर दरवर्षी किती अर्जफाटे होतात ते मी बघितलंय. तुझ्या नगरीत दवंडी देणाऱ्याला बोलता येतं का? पुजाऱ्याला? राजाच्या पोपटाला? ज्याला सूट त्याच्या घरात मुली द्यायला लोक रांग लावतील, नुसतं जेवताना कुणीतरी बोलतं म्हणून. त्या सुटीच्या यादीत एक नाव खोडलं जातं, तिथून तुझी कथा सुरू कर.

जीभ छाटणं नको. ते प्रत्येकजण लिहितो, आणि तिसऱ्या पानापर्यंत सगळं गाव जीभ नसलेलं होऊन कायद्याला काम उरत नाही. न्यूयॉर्क राज्यात ऑबर्न नावाचा तुरुंग आहे, तिथे १८२० च्या दशकात खरोखरच गप्प बसण्याची शिक्षा होती. कैद्यांनी दिवसभर एकत्र काम करायचं पण बोलायचं नाही, चालताना एकामागे एक, खांद्यावर हात, आणि सगळ्यांची तोंडं एकाच बाजूला वळवलेली, म्हणजे पहारेकऱ्याला ओठ दिसावेत. चाबूक होताच. तरी असल्या तुरुंगांतले कैदी ओठ न हलवता बोलायला शिकले, भिंतीवर टकटक करून बोलायला लागले. तुझ्या राजाला मी वेगळी शिक्षा सुचवते. गुन्हेगाराच्या पायात घुंगरू बांधायचे. बस, एवढंच. आता तो उठून पाणी प्यायला गेला तरी नवा गुन्हा. रात्री कूस बदलली तरी गुन्हा. बायको त्याच्या पायांवर रात्रभर हात ठेवून बसेल.

आणि शेवटचं, गप्प बसणं हेही बोलणं असतं त्याचं काय? कोर्टात साक्षीदाराला प्रश्न विचारला की कधी कधी तो काहीच बोलायचा नाही, फक्त पंख्याचा आवाज. माझी बोटं मशीनवर थांबलेली. मग साहेब डिक्टेट करायचे, 'साक्षीदार निरुत्तर', आणि मी ते टाइप करायची. त्या दोन शब्दांवर वकील पुढे अर्धा तास बोलायचा! १९८६ साली तर सुप्रीम कोर्टाने केरळातल्या तीन शाळकरी मुलांच्या केसमध्ये सांगितलं की बोलण्याच्या हक्कात न बोलण्याचा हक्क पण येतो. मुलं राष्ट्रगीताला आदराने उभी राहायची पण त्यांच्या धर्मश्रद्धेमुळे गायची नाहीत, म्हणून शाळेतून काढलेली, त्यांना परत घ्यायला लावलं.

आपल्या खानदेशातलंच उदाहरण घे ना. तापी-पूर्णेच्या संगमावर, मुक्ताईनगरजवळ चांगदेवाचं देऊळ आहे, गेला नसशील तर जाऊन ये. गोष्ट सगळ्यांना माहीत आहे, चांगदेवाला ज्ञानेश्वरांना पत्र लिहायचं होतं, पण वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा की ज्ञानाने मोठे म्हणून नमस्कार, हेच ठरेना, म्हणून कोरा कागद पाठवला. मुक्ताबाई हसली, एवढी वर्षं तप करून कोराच राहिला म्हणाली. आणि त्या कोऱ्या कागदाला उत्तर किती आलं? पासष्ट ओव्या! तिकडे चीनमध्ये २०२२ च्या नोव्हेंबरात लोक रस्त्यावर कोरे ए-फोर कागद धरून उभे राहिले, एक अक्षर नाही, तरी पोलिसांना बरोबर वाचता आलं. तुझ्या राजाने कोऱ्या कागदावर बंदी घालायची की नाही? घातली तर ती बंदी लिहिणार कशावर?

कासव नव्हतंच, राजा खोटं बोलत होता, असा शेवट मात्र करू नको. यंदा स्पर्धेत निम्म्या कथा तशाच येतील. कासव असू दे. आणि ते बहिरं आहे की नाही ते तुझं तू बघ.

प्रश्न : मी भुसावळला शिवणकाम करतो, जन्मापासून ऐकू येत नाही. माझ्या मुलीने तुमचा विषय वाचून दाखवला, म्हणजे हातांनी. ताई, अशी नगरी लोक नेहमी नरक म्हणून का लिहितात? मला तर तिथे घर घ्यायला आवडेल. आणि गप्प माणसांना 'मुका' हा शब्द लावून नाव ठेवू नका, आम्हाला शाळेत त्याच नावाने चिडवायचे.

उत्तर : दादा, बरोबर बोललात. शब्दाचं वरती अमळनेरच्या मुलाला सांगितलंय. आणि 'मुक मोर्चा' मी वर लिहून बसले, तो तसाच ठेवलाय, माझ्या तोंडात तो किती बसलाय ते मलाच दिसावं म्हणून.

तुम्ही त्या नगरीत सगळ्यात भराभर बोलणारे असाल. पन्नास फुटांवरून, बंद काचेतून, तोंडात घास असताना बोलता येतं तुम्हाला, आणि परातीतलं पाणी हलत नाही. हे नुसतं कल्पनेतलं नाही. तुर्कस्तानात ऑटोमन सुलतानांच्या महालात ऐकू न येणारे सेवक असायचे, सुलतानासमोर मोठ्याने बोलणं शोभत नाही म्हणून दरबारातली ऐकू येणारी माणसंसुद्धा त्यांच्याकडून खुणांची भाषा शिकायची. म्हणजे मास्तर तुम्ही आणि विद्यार्थी वजीर.

उलटा कायदा मात्र खरा झालेला आहे. १८८० साली इटलीत मिलान शहरात बहिऱ्या मुलांच्या शिक्षणावर परिषद भरली आणि ठराव झाला की मुलांना तोंडानेच बोलायला शिकवायचं, खुणा नकोत. ठरवणारे जवळजवळ सगळे ऐकू येणारे. त्यानंतर कितीतरी देशांतल्या शाळांतून मुलांच्या हातांवर बंदी आली. २०१० साली कॅनडातल्या व्हँकुव्हरला त्याच परिषदेने त्या ठरावाबद्दल खेद व्यक्त केला, एकशे तीस वर्षांनी. आपल्याकडे दिल्लीत भारतीय सांकेतिक भाषेचं सरकारी केंद्र २०१५ साली झालं, त्यांचा शब्दकोश व्हिडिओंच्या रूपात आहे, मुलीला मोबाईलवर बघायला सांगा. मी पण बघायला लागलेय. 'चहा' आला, 'साखर कमी' अजून येत नाही.

प्रश्न : ताई, मी शिरपूरकडली, वय विचारू नका. आम्हनी आखाजी (म्हणजे अक्षय तृतीया) गाना बिगर कशी व्हई? झोक्यावर बसून पोरींनी काय नुसतं एकमेकींच्या तोंडाकडे बघायचं? आणि खरंच जगात कुठे असं गप्प गाव शे का?

उत्तर : माय, शे ना! पण वर्षातून एक दिवस. इंडोनेशियात बाली बेट आहे, तिथले हिंदू लोक शके मोजतात, आपल्यासारखंच. त्यांच्या वर्षाचा पहिला दिवस म्हणजे न्येपी. सकाळी सहापासून दुसऱ्या दिवशी सकाळी सहापर्यंत दिवा नाही, काम नाही, बाहेर पडणं नाही, मौजमजा नाही. विमानतळसुद्धा बंद. २०१८ पासून मोबाईलचं इंटरनेट पण बंद ठेवतात. रस्त्यावर फक्त गावचे राखणदार फिरतात, कुणी दिवा लावलाय का बघत. दवाखान्यात जायचं असेल, बाळंतपण असेल तर सूट आहे, म्हणजे त्यांनी तो विचार केलाय. २०२३ साली त्यांचा न्येपी आणि आपला पाडवा एकाच दिवशी आले, २२ मार्चला. शके १९४५ इथेही लागला आणि तिथेही, आपण ढोल बडवले आणि ते दारं लावून बसले. पण आदल्या संध्याकाळी ते राक्षसांच्या मोठमोठ्या बाहुल्या काढून असा दणका करतात की विचारू नका, म्हणजे वर्षभराचा आवाज आधीच काढून घेतात.

गाण्यांचं म्हणाल तर तुमचा प्रश्न मला झोपू देईना. आसोद्याची लेक बहिणाबाई, तिला लिहिता-वाचता येत नव्हतं. शेतात, जात्यावर जे सुचलं ते तोंडाने म्हटलं, आणि घरातल्या पोरांनी ऐकून कागदावर उतरवलं म्हणून तिच्या जाण्यानंतर १९५२ साली पुस्तक निघालं. आता ती जर त्या नगरीत असती तर? लिहिता येत नाही आणि बोलायला बंदी. जातं घरघरतंय (जात्याला तरी परवानगी असेल का?) आणि ओवी आतल्या आत. ज्यांना अक्षर येतं ते गप्प राहूनही चिठ्ठ्या लिहितील, पत्रं लिहितील, अर्ज करतील. अडाणी बाईचं मात्र सगळंच गेलं, आखाजीची गाणी, कानबाईची गाणी, एवढंच काय नवऱ्याला दिलेल्या शिव्यासुद्धा. तुम्हाला येतात ती गाणी नातीकडून मोबाईलवर रेकॉर्ड करून घ्या माय, अशी नगरी येवो न येवो.

प्रश्न : ताई, कथा-बिथा सोडा, हा कायदा आमच्या कॉलनीत लावता येईल का? शेजारी लॉन आहे, लग्नसराईत रात्री साडेअकरापर्यंत डीजे, खिडकीच्या काचा थरथरतात. एक त्रस्त, जळगाव.

उत्तर : भाऊ, कायदा लागलेलाच आहे, फक्त त्याला ऐकू येत नाही. रात्री दहानंतर उघड्यावर स्पीकर नाही, लग्न असलं तरी नाही. दिवसा ठरलेल्या मर्यादेपेक्षा दहा डेसिबल किंवा जास्त आवाज असेल तर तक्रार करता येते. आणि दहा म्हणजे थोडं वाटतं ना? ५५ चे ६५ झाले की आवाजाची ऊर्जा दसपट होते. ११२ वर फोन करा, वेळ लिहून ठेवा, काचेचा व्हिडिओ काढा, आवाज कमी झाला तरी दुसऱ्या दिवशी लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. पोच नाही तर अर्ज नाही, एकतीस वर्षांचा अनुभव. आणि स्वतःच्या मुलीच्या लग्नात साडेअकरापर्यंत काय वाजलं होतं ते आठवून मगच सही करा, कारण शेजाऱ्याकडे पण व्हिडिओ असू शकतो.

प्रश्न : ताईआजी, मी चोपड्याला चौथीत आहे. त्या नगरीत शिंक आली तर? आणि ढेकर?

उत्तर : बाळा, एवढ्या मोठ्या माणसांमध्ये मुद्द्याचं तूच विचारलंस. शिंक आपोआप येते, ती अडवता येत नाही, पण 'आक् छी' हा जो आवाज आहे ना तो बराचसा आपणच जोडतो, मोठ्यांचं ऐकून ऐकून. जन्मापासून ऐकू न येणारी कितीतरी माणसं शिंकताना 'आक् छी' करत नाहीत, नुसती हवा सुटते. वरच्या शिवणकामवाल्या काकांना विचारून मी पुढच्या अंकात सांगते. तोपर्यंत दोन रुमाल ठेव.

ढेकराचं राजा कुठला आहे त्यावर आहे. आपल्याकडचा असेल तर वांग्याचं भरीत, कळण्याची भाकरी आणि वर ठेचा एवढं झाल्यावर येणारा ढेकर सुटीच्या यादीत पहिल्या नंबरवर असणार, कारण यादी लिहिताना त्याचं पण जेवण झालेलं असेल.